ओदीलबाईंची साडेतीन मिनिटं

मी सिनेमाचा एडिटर आहे असं सांगितलं की नेदरलँड्समधली मराठी माणसं हमखास दोन प्रश्न विचारतात. पहिला, "मग तुमचं परमिट कुठल्या कॅटेगरीत?" आणि दुसरा, "आमच्या अन्वयच्या मुंजीचं साडेसहा तासांचं शूटिंग पडून आहे, त्याचं काही होईल का?" पहिल्याचं उत्तर सोपं आहे. परमिट बायकोचं. मेधाला आम्स्टरडॅमच्या झुइडास भागातल्या एका बँकेत आयटीतली नोकरी मिळाली आणि मी तिच्या मागोमाग 'पार्टनर' म्हणून या देशात आलो. दुसऱ्याचं उत्तर मी टाळतो, कारण साडेसहा तासांच्या मुंजीचं नेमकं काय करायला हवं हे मुलाच्या आजोबांसमोर बोलता येत नाही.

आता निवृत्त झालोय, तेव्हा दिवाळी अंकासाठी स्वतःच्या कारकिर्दीवर लिहा असा आग्रह झाला. पण माझी कारकीर्द म्हणजे चौदा वर्षं ओदीलबाईंच्या शेजारी बसणं. त्या फ्रेंच, सिनेमाच्या एडिटर आणि पटकथालेखिका. मी त्यांचा मदतनीस. म्हणून लिहायचं तर त्यांच्याविषयीच लिहायला हवं, आणि त्यातही करोनाच्या काळात मी जो शहाणपणा केला त्याविषयी.

आधी धंदा समजावून सांगतो. सिनेमाचं शूटिंग संपलं की साठ-सत्तर तासांचं चित्रण एडिटरच्या अंगावर येऊन पडतं. त्यातला दीड तास ठेवायचा, बाकीचं काढून टाकायचं. पुण्यातल्या माझ्या नातेवाइकांना वाटतं की मी दिवसभर सिनेमे बघतो. मी दिवसभर एकच बाई एकच दार एकोणीस वेळा उघडताना बघतो आणि त्यातल्या कुठल्या वेळी तिने ते सगळ्यांत कमी वाईट उघडलं ते ठरवतो. मग दिग्दर्शक येतो आणि म्हणतो, दाराचा सीनच नको.

बाई फ्रान्सच्या एका आडगावच्या. वडिलांचं कुलुपं-किल्ल्यांचं दुकान. एकोणिसाव्या वर्षी त्या पॅरिसमधल्या एका एडिटिंग रूममध्ये फिल्मचे तुकडे चिकटवण्याच्या कामाला लागल्या, पुढे एका डच साउंड रेकॉर्डिस्टशी लग्न करून आम्स्टरडॅमला आल्या. लग्न सहा वर्षं टिकलं. नवऱ्याने मागे ठेवलेले स्पीकर मात्र मी भेटलो तेव्हाही ठणठणीत होते, आणि बाई दोघांची तुलना करताना स्पीकरची बाजू घ्यायच्या.

मी त्यांना 'बाई' म्हणायचो. या देशात महापौरालाही पहिल्या नावाने हाक मारतात, पण आपल्याहून सोळा वर्षांनी मोठ्या आणि वर शिकवणाऱ्या बाईला नुसतं 'ओदील' म्हणणं मला जन्मात जमलं नसतं. आम्ही बोलायचो इंग्रजीत, ते दोघांनाही परकं. इथे ते मराठीत लिहितोय, त्यामुळे बाई आहेत त्यापेक्षा सोज्वळ वाटतील, त्याला इलाज नाही.

आम्स्टरडॅमच्याच स्लोटरडाइक भागात एका ऑफिसच्या इमारतीत चौथ्या मजल्यावर आमची खोली होती. वर विमा कंपनी, खाली दातांचा डॉक्टर. तिथे आलेल्या गिऱ्हाइकांपैकी एकच सांगतो. एका दिग्दर्शकाने आपल्या सिनेमात मैत्रिणीच्या घोड्याचे अकरा शॉट घातले होते. सिनेमा होता करसल्लागाराच्या आयुष्यावर. बाईंनी एक घोडा ठेवला आणि दहा काढले. दिग्दर्शक म्हणाला, "घोडा हे त्याच्या मनाचं प्रतीक आहे." बाई म्हणाल्या, "करसल्लागाराला एक घोडा पुरतो." मग त्यांनी स्वतः त्या मैत्रिणीला फोन लावून सांगितलं की तुमच्या घोड्याचं काम चांगलं होतं, पण सिनेमाला नको होतं.

हा फोन त्यांचा नेमच होता. कुणाची भूमिका कापली, एखाद्याचं एकुलतं वाक्य गेलं, तर सिनेमा लागायच्या आधी बाई त्या माणसाला स्वतः कळवायच्या. थिएटरात नातेवाईक घेऊन बसलेल्या नटाला आपण सिनेमात नाहीच हे अंधारात कळू नये, एवढंच त्यांचं म्हणणं. नंबर मी लावून द्यायचो. पलीकडून रडणं, शिव्या, कधी नुसती शांतता यायची, आणि बाई ती सगळी ऐकून घ्यायच्या. चौदा वर्षं मी हे बघितलं आणि त्यातून काही शिकलो नाही, हे पुढे दिसेलच.

साठी उलटल्यावर त्या पटकथा लिहायला लागल्या. कारण विचारलं तर म्हणाल्या, "चाळीस वर्षं दुसऱ्यांच्या चुका निस्तरल्या. आता स्वतःच्या करते." स्वतःच लिहायचं आणि स्वतःच कापायचं, ही मोठी गमतीची गोष्ट होती. करोना आला, सरकारने दीड मीटरचा नियम काढला, तेव्हा बाईंनी टेप घेऊन खोलीची मापं घेतली. माझी खुर्ची उघड्या खिडकीपाशी, एडिटरची स्क्रीनसमोर, आणि तिच्यापासून बरोबर दीड मीटरवर एक तिसरी, लेखिकेची. "लेखिकेने एडिटरच्या जवळ बसू नये," त्या म्हणाल्या, "संसर्ग होतो." एखादा सीन कापायची वेळ आली की त्या उठून तिसऱ्या खुर्चीत जायच्या, तिथून स्वतःशी भांडायच्या, आणि हरल्या की परत येऊन कापायच्या. बहुतेक वेळा लेखिका हरायची आणि त्या दिवशी जेवायची नाही.

त्याच सुमारास आपल्या मराठी मंडळाचा गणेशोत्सव ऑनलाइन झाला आणि त्याचं एडिटिंग आपसूक माझ्याकडे आलं. त्रेचाळीस मुलं, त्यांतली एकतीस एकच गाणं म्हणणारी. सचिवांनी बजावलं होतं, कुणालाही कापायचं नाही, आणि प्रायोजकाचं बोधचिन्ह कोपऱ्यात सतत हवं. कार्यक्रम चार तास दहा मिनिटांचा झाला. बाईंनी तो हट्टाने पहिला पाऊण तास बघितला. "हे धाडस आहे," त्या म्हणाल्या. "तेच गाणं, वेगळा पडदा, वेगळा सोफा. माझ्या दिग्दर्शकांना हे सुचणार नाही." मी ती प्रतिक्रिया सचिवांना कळवली आणि त्यांनी ती पुढच्या निमंत्रणावर छापली.

आता मूळ गोष्ट. त्या वर्षी आमच्या हातात बाईंनीच लिहिलेला सिनेमा होता. मुलगी आम्स्टरडॅममध्ये राहते, म्हातारी आई फ्रान्समधल्या गावात, एवढीच कथा. त्यात एक सीन साडेतीन मिनिटांचा, एकाच शॉटमध्ये, मध्ये एकही कट नाही. आई स्वयंपाकघरात अंगात कोट घालून उभी आहे, दाराशी भरलेली बॅग आहे, तिला इस्पितळात दाखल व्हायला न्यायला गाडी येणार आहे. तेवढ्यात मुलीचा फोन येतो. आई सांगते, सगळं छान आहे, बाजारात निघाले होते. मग हवामान, शेजारणीची मांजर, भाव. फोन ठेवते, बॅग उचलते. बस. बाईंच्या आईने हेच केलं होतं आणि बाई गावी पोचल्या त्या तिला पुरल्यानंतर दोन दिवसांनी. हे त्यांनी मला एकदाच सांगितलं, आणि लगेच म्हणाल्या, "मागचा फ्रिज फार घुमतोय, त्याचा आवाज कमी कर." मी सहा आठवडे त्या फ्रिजचा आवाज कमी करत होतो.

सिनेमा ब्याण्णव मिनिटांचा झाला. निर्मातीने, फेमकेने, ऑनलाइन बैठक बोलावली. स्क्रीनवर नऊ चौकोन, त्यांतले पाच जण सिनेमाला अनुदान देणाऱ्या समितीचे. एकाचं म्हणणं, महोत्सवात जायचं तर नव्वदच्या आत हवा, आणि स्वयंपाकघराच्या सीनमध्ये काही घडत नाही. दुसरीला वाटलं, आईला एक कुत्रा देता येईल का. तिसऱ्याचा मायक्रोफोन बंद होता, तरी तो बराच वेळ बोलला आणि सगळ्यांनी मान डोलावली. चौथा म्हणाला, आई जरा तरुण असती तर. बाई उठल्या, लेखिकेच्या खुर्चीत जाऊन बसल्या आणि म्हणाल्या, "नाही." एडिटरच्या खुर्चीतून त्या काय म्हणाल्या असत्या ते कळलं नाही, कारण त्या परत तिथे आल्याच नाहीत. निर्णय पुढच्या आठवड्यावर गेला.

चौथ्या दिवशी बाईंना ताप आला, सहाव्या दिवशी शेजाऱ्याने मला कळवलं की अॅम्ब्युलन्स आली होती. भेटायला जायची परवानगी नव्हती. ऑक्सिजन लावला होता, पण फोन जवळ होता आणि दुपारी चार वाजता पाच मिनिटं बोलता येत होतं.

महोत्सवाची मुदत त्याच आठवड्यात संपत होती. दिग्दर्शक योरिस हा तिशीचा, सज्जन मुलगा, डच माणसाला शोभेल असा सडेतोड. माझ्या नव्या जॅकेटबद्दल त्याने आपणहून सांगितलं होतं की हे तुला शोभत नाही. तो मला म्हणाला, "सीन काढावाच लागेल, अविनाश. मी आज ओदीलला फोन करून सांगतो."

"तिला ऑक्सिजन लावलाय," मी म्हणालो.

"हो. पण तो तिचा सीन आहे. तिला कळायला नको?"

आपल्याकडे आजारी माणसाला वाईट बातमी सांगतात का? माझ्या वडिलांच्या आजारपणात त्यांचे थोरले बंधू गेले, ते त्यांना दोन महिने कळू दिलं नव्हतं. पेपर आधी आई वाचायची आणि निधनवार्तांचं पान काढून घ्यायची. वडील विचारायचे, आज पान कमी कसं, तर ती म्हणायची, हल्ली कागद महाग झालाय. आमच्या घरातली पहिली एडिटर तीच. या परंपरेचा पाईक म्हणून मी योरिसला म्हणालो, "तू नको. मी सांगतो. मला त्यांच्या कलाने घेता येईल." तो मोकळा झाला. मी सीन कापला, साडेअठ्ठ्याऐंशी मिनिटांची प्रत सगळ्यांसाठी अपलोड केली आणि घरी गेलो.

मेधाचं मत माझ्यासारखंच निघालं. "वेडा आहेस का तू? तिला श्वास घेता येत नाहीये आणि तू एडिटचं काय सांगणार? लेट हर कम होम फर्स्ट."

आमची सतरा वर्षांची सई इथेच वाढलेली. ती फोनमधून मान वर न करता म्हणाली, "बट दॅट्स लाइंग, बाबा."

"लाइंग नाही गं, काळजी म्हणतात त्याला," मेधा म्हणाली, आणि आम्हा दोघांचं एकमत झाल्यामुळे विषय संपला.

दुसऱ्या दिवशी चार वाजता बाईंनी दम खात विचारलं, "माझा सीन?"

"आहे, बाई."

"समिती काय म्हणते?"

"विचार करतेय."

खोटं बोलायचं तर एवढ्यावर थांबावं. पण मी एडिटर, तुटक गोष्ट मला बघवत नाही. त्यांनी फ्रिजच्या आवाजाचं विचारलं, मी म्हणालो, आणखी कमी केला. कसा वाटतो? आता आईचा श्वास ऐकू येतो. दोन दिवसांनी मी सांगितलं की योरिसने सीन पुन्हा बघितला आणि त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. "योरिसच्या?" बाई म्हणाल्या. मग कुत्रा सुचवणाऱ्या बाईंचं मतपरिवर्तन झालं. पुढच्या आठवड्यात तर मी कळस केला. म्हणालो, समितीला वाटतंय की हा सीन थोडा लांबवता येईल का. पलीकडे इतका वेळ खोकला चालला की नर्सने फोन काढून घेतला. मला वाटलं, आनंदाने आला असेल. बाईंचा आवाज रोज थोडा सुधारत होता आणि त्याचं श्रेय मी मनातल्या मनात स्वतःला देत होतो.

सीन कापल्यापासून एकोणिसाव्या दिवशी त्या घरी आल्या. त्यानंतर चौथ्या दिवशी एका पाहुण्याला परवानगी मिळाली, तेव्हा मी मेधाने दिलेली मुगाची खिचडी घेऊन त्यांच्या तिसऱ्या मजल्यावर गेलो. या शहरातले जुने जिने म्हणजे शिड्याच. मी धापा टाकत पोचलो आणि बाईंना आधी मलाच पाणी द्यावं लागलं. त्या निम्म्या झाल्या होत्या. केस कापलेले, मनगटं काड्यांसारखी. टेबलावर एक वही होती. मी ठरवून आलो होतो की आज सांगायचं. खिचडी संपली की सांगायचं.

बाईंनी खिचडी चाखली, मीठ मागितलं आणि वही माझ्याकडे सरकवली. त्यांच्या अक्षरात, इंग्रजीत, संवाद होते. एका बाजूला 'ती', दुसऱ्या बाजूला 'मदतनीस'. मी पहिलं पान वाचलं. 'योरिसच्या डोळ्यांत पाणी आलं.' पुढचं पान. 'त्यांना वाटतंय, थोडा लांबवता येईल का.' माझं प्रत्येक वाक्य, वार घालून, जसंच्या तसं.

"सीन गेल्याचं तुम्हाला कसं कळलं?" मी विचारलं.

"नवी प्रत चढवलीस की मशीन सगळ्यांना मेल पाठवतं. मलाही आलं. त्यात लांबी लिहिलेली असते. साडेअठ्ठ्याऐंशी." बाईंनी चमचा खाली ठेवला. "माझ्या सिनेमात साडेतीन मिनिटांची एकच गोष्ट होती. बघायची गरज नव्हती."

मेलची यादी मला आठवली. प्रत पाठवताना त्यात बाईंचं नाव दिसलं होतं, आणि ते खोडायला हातही गेला होता. पण इस्पितळात पडलेल्या माणसाचं नाव यादीतून खोडायचं म्हणजे काहीतरी अभद्रच. माझ्याने झालं नाही.

"म्हणजे पहिल्या दिवसापासून तुम्हाला माहीत होतं."

"पहिल्या दिवसापासून."

"मग बोलला का नाहीत?"

"तू सांगशील म्हणून," बाई म्हणाल्या. "पहिले आठ दिवस मी रोज चार वाजायची वाट बघितली. आज सांगेल. आज सांगेल. नवव्या दिवशी तू समितीला सीन लांबवायला लावलास, तेव्हा मी वाट बघायचं सोडलं, नर्सकडून वही मागितली आणि आधीचंही आठवून लिहून काढलं." मग म्हणाल्या, "संवाद चांगले आहेत तुझे. थोडे लांब आहेत."

मला हसू आलं नाही. सहा आठवडे मी त्या म्हाताऱ्या आईला फोनवर 'सगळं छान आहे' म्हणताना ऐकलं होतं, पुढे-मागे करून, शंभर वेळा. बाईंच्या आयुष्यात जे एक माणूस त्यांच्याशी असं वागलं होतं, त्याचं पुढे काय झालं तेही मला माहीत होतं. आणि मी काय ऐकत होतो, तर फ्रिज. मला इतकी लाज वाटली की मी खिचडीच्या डब्याचं झाकण लावायला लागलो. ते बसेना.

"काल योरिसचा फोन होता," बाई म्हणाल्या. "त्याला वाटतंय तू मला केव्हाच सांगितलंस. मी हो म्हटलं. तुझी अब्रू ठेवली. आता सांग."

"काय?"

"जे तू त्याला सांगू दिलं नाहीस ते. माझ्याकडे बघून सांग."

मी उभा राहिलो. का ते माहीत नाही, शाळेत उभं राहतात तसा. म्हणालो, "बाई, तुमचा स्वयंपाकघराचा सीन मी कापला. तो सिनेमात नाही."

त्यांना ते तेवीस दिवस माहीत होतं. तरी त्यांचा चेहरा हळूहळू मोडला आणि त्या रडल्या. मोठ्याने, तोंड न झाकता, त्या फोनवरच्या नटांसारख्या. मी त्यांना जवळ घ्यायला हवं होतं, पण डॉक्टरांनी मनाई केली होती, आणि खरं सांगायचं तर मनाई नसती तरी माझी हिंमत झाली नसती. मी टेबलाच्या या बाजूला उभा राहून ऐकत राहिलो, जसं त्या ऐकायच्या तसं. बराच वेळ लागला.

मग त्यांनी नाक पुसलं, चष्मा घातला आणि म्हणाल्या, "कुठून कापलास ते दाखव."

मी लॅपटॉप उघडला. त्यांनी तो भाग एकदा बघितला, पुन्हा बघितला, आणि तिसऱ्यांदा बघताना टेबलावर बोट आपटलं.

"दोन फ्रेम उशिरा कापलास."

दोन फ्रेम म्हणजे सेकंदाचा साधारण बारावा भाग. कुणाच्याही लक्षात येणार नाही इतका. मी माउस हातात घेतला आणि त्या काढल्या. बाईंचं बरोबर होतं.